रेडिएटरलाही वारा चेन्नईचाच

मे महिन्यात माउंट रोडवरून रिची स्ट्रीटला वळलात की दोन गोष्टी हमखास मिळतात: घाम आणि लिक्विड कूलरचा आग्रह. ‘चेन्नईची हवा, त्यात एवढा मोठा प्रोसेसर, मग पाणीच हवं’ हा युक्तिवाद ऐकायला बिनतोड वाटतो. माझ्या मते तो निम्माच खरा आहे. प्रोसेसर मोठा असणं हे कारण होऊ शकतं, चेन्नईची हवा नाही.

पाणी उष्णता फक्त वाहून नेतं. प्रोसेसरवरच्या तांब्याच्या ठोकळ्यातून ती उचलायची आणि रेडिएटरपर्यंत पोचवायची, एवढंच त्याचं काम. तिथले पंखे फुंकणार ती तुमच्या खोलीचीच हवा. खोलीत ३६ अंश असतील तर पाणी त्याखाली उतरणार नाही. खोलीपेक्षा गार काही हवं तर ते वेगळं आणावं लागतं. १८४२ साली बॉस्टनचा बर्फ साठवायला इथे मरीनाजवळ आइस हाउस बांधलं, आज एसी आहे.

मग पाणी घ्यावं कुणी? ज्याचा प्रोसेसर तासन्‌तास पूर्ण ताकदीने राबतो, त्याने. इंटेलचा कोअर आय९-१४९००के टर्बोत २५३ वॉटपर्यंत जातो, एएमडीचा रायझन ९ ७९५०एक्स २३० पर्यंत. वडपळनीत रात्रभर व्हीएफएक्सचं रेंडर लावून घरी जाणाऱ्याने ३६० मिमीचा रेडिएटर खुशाल घ्यावा. तो पुढच्या बाजूला उभा बसवलात तर वरचं टोक पंपापेक्षा उंच ठेवा, नाहीतर हवेचे बुडबुडे पंपात शिरतात आणि मशीन गुळण्या केल्यासारखं वाजू लागतं.

गेमिंगला मात्र प्रोसेसर सहसा इतकी वीज खात नाही. तिथे दुहेरी टॉवरचा एअर कूलर पुरतो. त्यात बिघडलाच तर पंखा बिघडतो. बंदिस्त लिक्विड कूलरचा पंप गेला की बहुधा अख्खा संच भंगारात.

आणि ९५ अंश बघून दचकू नका, ७९५०एक्स तितका तापायलाच बनवलाय. तरी धाकधूक वाटत असेल तर बायोसमध्ये १०५ वॉटचा इको मोड लावा. तापमान झपकन उतरतं, वेगात थोडकाच फरक पडतो. हा उपाय फुकटचा, म्हणून काउंटरवर कुणी सुचवत नसावं.

टॉवरच घ्यायचा ठरला तर आधी कॅबिनेटची आतली रुंदी मोजा. हे कूलर १६ सेंटीमीटरच्या आसपास उंच असतात, आणि बाजूची काच लागत नाही हे नेमकं सगळं जोडून झाल्यावर कळतं.