बंधुता हा शब्द कोठून आला?

वाचकहो, ‘निवडणूक आली की कार्यकर्ते हवेत, तत्त्वज्ञान विहारात राहू द्या,’ असे म्हणणारे आपल्यातही थोडे नाहीत. हे बोलणे व्यवहाराचे वाटते खरे; परंतु ज्या संविधानाच्या बळावर आपण मत टाकतो, त्याची उद्देशिकाच त्याला खोटे पाडते.

13 डिसेंबर 1946 रोजी संविधान सभेत उद्दिष्टांचा ठराव मांडला गेला. त्यात न्याय होता, स्वातंत्र्य होते, समता होती. बंधुता हा शब्द मात्र नव्हता. तो 1948 च्या मसुद्यात आला, आणि मसुदा समितीचे अध्यक्ष होते डॉ. बाबासाहेब आंबेडकर. त्या एका शब्दामागे तीन दशकांचे चिंतन उभे होते. कोलंबिया विद्यापीठात बाबासाहेबांचे गुरू असलेल्या प्रा. जॉन ड्यूई यांनी 1916 च्या ग्रंथात लोकशाही ही केवळ राज्यपद्धती नसून एकत्र जगण्याची रीत आहे, असे प्रतिपादिले. लाहोरच्या जातपात तोडक मंडळाने जे भाषण होऊ दिले नाही आणि जे बाबासाहेबांनी 1936 साली स्वतःच छापले, त्यात हाच विचार जातीच्या भिंतीवर आदळलेला दिसतो. परंतु 3 ऑक्टोबर 1954 च्या नभोवाणीवरील भाषणात, आपली तत्त्वत्रयी आपण भगवान बुद्धांपासून घेतली, असे त्यांनी निक्षून सांगितले. गुरूंचे ऋण मानूनही शिष्य गुरूपाशीच थांबला नाही, हे आम्हांस मोलाचे वाटते.

आता व्यवहाराचे पाहा. 17 व्या अनुच्छेदाने अस्पृश्यता रद्द केली. 1955 आणि 1989 च्या कायद्यांनी गुन्हेगारास शिक्षा देता येते. परंतु बंधुता पाळा असा हुकूमनामा कोणते न्यायालय काढणार? ती माणसाच्या मनात घडावी लागते, आणि ते काम विचाराचेच आहे. त्या विचारास राजकारणाने घराबाहेर काढले की मागे उरते ती जागांची वाटणी. 1957 साली स्थापन झालेल्या रिपब्लिकन पक्षाचे पुढे किती गट झाले, हे वाचकांस सांगावयास नको. त्या फुटींत तत्त्वाचा वाद किती होता आणि जागांचा किती, हे ज्याचे त्याने आठवावे. उलट, विहारात वंदना घेऊन ग्रामसभेकडे पाठ फिरविणाऱ्यांनाही आम्ही निर्दोष म्हणणार नाही.

यापुढे उमेदवार वस्तीत येईल तेव्हा रस्ता, नळ, दिवाबत्ती यांविषयी अवश्य विचारा. त्याबरोबर एवढेही विचारा: महाशय, आपल्या गावात स्मशानभूमी एक आहे की दोन?