जे तोंडी बोलले ते कागदावर नव्हतं



"तुमचे आजे-पणजे अडाणी. बाटलीवर आंगठा दिला, म्हणून जमिनी गेल्या." हे मी बारावीपर्यंत शाळेत ऐकलं, कचेरीत ऐकलं. आता आपलीच शिकलेली पोरं पण तसंच म्हणायला लागलीत. हे खोटं आहे. कसं खोटं, ते कळायला आफ्रिकेतली एक खरी हकिगत सांगते.

आफ्रिकेच्या दक्षिणेकडं आज झिंबाब्वे देश आहे. तिथं न्देबेले लोकांचं राज्य होतं. राजा लोबेन्गुला, त्याचं ठाणं बुलावायो. १८८८ साली सेसिल ऱ्होड्स नावाच्या बड्या गोऱ्या खाणमालकाची तीन माणसं राजाकडं आली. त्यांना जमिनीखालचं सोनं पाहिजे होतं. बदल्यात १००० बंदुका, एक लाख काडतुसं, महिन्याला १०० पौंड आणि नदीत फिरणारी तोफेची बोट देऊ म्हणाले.

राजाला वाचता येत नव्हतं, पण तो बावळा नव्हता. लगेच होकार दिला नाही, बरेच दिवस त्यांना बसवून ठेवलं. किती माणसं खोदायला येतील, कुणाच्या हुकमात राहतील, सगळं विचारलं. ते म्हणाले, दहाच्या वर येणार नाहीत, तुमच्याच कायद्याखाली राहतील. हेल्म नावाचा पाद्री तिथं दुभाषा होता. असं बोलणं झालं होतं, हे त्यानं नंतर स्वतः लिहून दिलंय. पण करारात त्यातला एक शब्द नव्हता. करारात होतं की सगळं खनिज यांचं, आणि ते काढायला जे करावं लागेल ते करायची पूर्ण मुभा. ३० ऑक्टोबरला राजाची निशाणी घेतली.

आता सांगा, यात अडाणी कोण आणि लबाड कोण?

राजाला संशय आला, तेव्हा त्यानं दोन वयस्कर सरदार थेट लंडनला राणीकडं पाठवले. हा करार मला मान्य नाही, असं जाहीर केलं. राणीच्या मंत्र्यानं त्याला शहाणपण कळवलं, की राजा पाहुण्याला एखादा बैल देतो, सगळं खिल्लार देत नाही. आणि त्याच वर्षी, १८८९ च्या ऑक्टोबरात, त्याच राणीनं ऱ्होड्सच्या कंपनीला सनद दिली. सगळं खिल्लार राणीनंच देऊन टाकलं.

१८९३ ला कंपनीनं निमित्त काढून चाल केली. लढायला येणाऱ्या प्रत्येक गोऱ्याला सहा हजार एकरांच्या वर जमीन, सोन्याचे वीस पट्टे आणि लुटीच्या गुरांत वाटा मिळणार होता. हे मात्र आधीच कागदावर लिहून दिलेलं. गोळ्यांचा पाऊस पाडणाऱ्या मॅक्झिम बंदुकांपुढं न्देबेले पडले. राजा पळताना वारला. त्याच्या लोकांना ग्वाई आणि शांगानी अशा दोन बिनपाण्याच्या मुलखात राखीव जागा दाखवल्या. गुरं नेली. झोपडीमागं दहा शिलिंग कर बसवला. खाणीवर, शेतावर जबरीनं कामाला लावलं.

मग १८९६ च्या मार्चात लोक उठले. जूनमध्ये शेजारचे शोना पण उठले. न्देबेले पूर्वी शोनांवर धाडी घालायचे. त्यामुळं शोना आपले उपकार मानतील असं गोऱ्यांना वाटलं होतं. पण झोपडीचा कर दोघांच्या डोक्यावर होता. वारली, कोकणा, कातकरी म्हणून आपसात भांडणाऱ्यांनी हे ध्यानात ठेवावं.

न्देबेले मातोबोच्या डोंगरात, गुहांत शिरले. तिथून त्यांना काढणं इंग्रजांना जमेना. शेवटी ऱ्होड्स स्वतः डोंगरात बोलणी करायला आला. पुन्हा तोंडी वचनं. लोक खाली उतरले तर त्यांच्या जमिनीवर गोरा मालक बसलेला. कित्येकांना स्वतःच्याच जमिनीवर कूळ होऊन राहावं लागलं. शोनांची नेहांडा नावाची बाई १८९८ ला फासावर चढवली.

पुढं या जमिनीचा खटला लंडनला चालला. १९१८ साली निकाल लागला: जमीन कंपनीची नाही, तिथं राहणाऱ्यांची पण नाही, राजसत्तेची! १९३० च्या कायद्यानं जवळपास निम्मा देश मूठभर गोऱ्यांच्या नावे झाला. आधी कागद, मग बंदूक, मग कोर्ट.

आपल्याकडं पण याच इंग्रज सरकारनं १८७८ च्या कायद्यानं जंगल 'राखीव' केलं. इंग्रज गेला, कागदाची रीत राहिली. गेल्या उन्हाळ्यात आमच्या पाड्यावर एक साहेब आला. "विहिरीची योजना आहे, आंगठे द्या." मी म्हटलं, आधी वाचून दाखवा. तो नुसता चिडला. कागद ओढून मीच वाचला. विहिरीचं नावच नाही! आम्ही कसत असलेली जमीन राजीखुशीनं सोडतो, असं लिहिलेलं. सात म्हाताऱ्यांचे आंगठे आधीच झाले होते. त्यात माझा आजा होता. तो अडाणी नाही. त्यानं विहिरीलाच हो म्हटलं होतं.

म्हणून सांगते, एकट्यादुकट्यानं आंगठा देऊ नका. कागद सगळ्या पाड्यासमोर मोठ्यानं वाचून घ्या. साहेब तोंडानं जे बोलतो ते त्याच कागदावर लिहायला लावा, आणि नक्कल घ्या. लिहीत नसेल तर त्याला आल्या वाटेनं परत पाठवा. आणि घरातल्या शिकलेल्या पोरांनो, आजाला अडाणी म्हणू नका. त्याच्या शेजारी बसा आणि कागद वाचा.

जोहार!