उशिराचीही नोंद हवी

फक्त वेळेचा अभ्यास करणारी वेधशाळा ही कल्पना सायन्स फिक्शनमधली वाटते ना? पण त्याच्या अगदी जवळ जाणारं काम आपल्या महाराष्ट्रात चालतं. पुणे जिल्ह्यात नारायणगावजवळ खोडदला जीएमआरटी ही रेडिओ दुर्बीण आहे. ४५ मीटर व्यासाच्या ३० अँटेना. तिथून पल्सारवर नजर ठेवतात. पल्सार म्हणजे स्वतःभोवती गरागरा फिरणारे मृत तारे. त्यांच्याकडून रेडिओ लहरींचे ठोके येतात, काहींचे तर सेकंदाला शेकडो, आणि तेही घड्याळासारखे नियमित.

पुढचा ठोका कधी यायला हवा याचं गणित शास्त्रज्ञ आधी मांडतात, मग तो प्रत्यक्षात कधी आला ते टिपतात. फरक सेकंदाच्या दहा लाखाव्या भागाएवढा असला तरी सोडत नाहीत. वर्षानुवर्षं साठलेल्या अशा नोंदींवरूनच जून २०२३ मध्ये भारत आणि युरोपच्या संशोधकांनी गुरुत्वीय लहरींच्या खुणा दिसत असल्याचं जाहीर केलं. म्हणजे उशीर मोजला की तो पुरावा होतो. नाही मोजला, तर नुसती कुरकुर.

आता प्रश्न असा, की मोजली जाते ती कुणाची वेळ? १८२६ मध्ये ईस्ट इंडिया कंपनीने कुलाब्याला वेधशाळा उभारली. मुंबई बंदरातल्या जहाजांना अचूक वेळ मिळावी, हा त्यामागचा एक मोठा हेतू. जहाजांच्या वेळेत पैसा होता, म्हणून ती मोजली गेली. १ जानेवारी १९०६ पासून ८२.५ अंश रेखांशावरची प्रमाणवेळ लागू झाली. अक्कलकोट साधारण ७६.२ अंशावर. एका अंशाला ४ मिनिटं धरली, तर आपला सूर्य घड्याळापेक्षा सरासरी २५ मिनिटं मागे. आजीच्या भाषेत जवळपास एक घटिका!

ही २५ मिनिटं कुणालाही काढता येतात. पण अक्कलकोटच्या पोरापोरींचा वाट बघण्यात किती वेळ जातो, हे कोण सांगणार? निकालाची वाट, दाखल्याची वाट, भरतीच्या जाहिरातीची वाट, स्टँडवर सोलापूरच्या एसटीची वाट. "होईल की, थांब जरा," हे ऐकत ऐकत वय वाढतं. भरतीची वयोमर्यादा मात्र कुणासाठी थांबत नाही.

गंमत म्हणजे यातल्या काही गोष्टींना कायद्याने मुदत आहे. महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, २०१६ च्या कलम ८९ नुसार परीक्षा संपल्यापासून ३० दिवसांत, आणि कोणत्याही परिस्थितीत ४५ दिवसांत निकाल लागायला हवा. लोकसेवा हक्क अधिनियम, २०१५ नुसार अधिसूचित सेवा ठरलेल्या मुदतीत मिळणं हा आपला हक्क आहे. मुदत टळली तर अपील करता येतं, आणि दोष सिद्ध झाल्यास अधिकाऱ्याला दंडही होऊ शकतो. पण त्यासाठी अर्जाची पोच हवी, तारीख हवी. आपल्यापैकी किती जण पोच जपून ठेवतात?

म्हणून आमचं म्हणणं साधं आहे. प्रत्येक कॉलेजात एनएसएसने किंवा विद्यार्थ्यांनीच एक वही ठेवावी. रकाने तीनच: काम कधी व्हायला हवं होतं, कधी झालं, फरक किती. दर सेमिस्टरला हा हिशोब नोटीस बोर्डावर लावावा आणि संबंधित कार्यालयाला पाठवावा.

"वहीने काय होणार?" असं कुणीतरी म्हणेलच. एका वहीतल्या एका ओळीने खरंच काही होणार नाही. एका पल्सारवरूनही काही सिद्ध होत नाही, त्या ताऱ्यातच काही गडबड असू शकते. म्हणून शास्त्रज्ञ अनेक पल्सार एकत्र तपासतात. सगळीकडे एकाच पद्धतीचा फरक दिसला, की कारण ताऱ्यांच्या बाहेर आहे हे कळतं. आपलंही तसंच. एकाचा दाखला अडला तर त्याला "तुझीच कागदपत्रं अपुरी असतील" म्हणतात. पन्नास जणांचे दाखले एकाच टेबलावर अडले, तर उत्तर त्या टेबलाला द्यावं लागतं.

नवीन सेमिस्टरच्या पहिल्याच आठवड्यात ही वही उघडूया. पेन आपल्याकडे आहेच.