चादर झटकू नका!

मधुमेहाबद्दल आपण चारचौघांत मोकळेपणाने बोलतो. गुडघेदुखी हा तर लग्नाच्या पंगतीत चवीने चघळण्याचा विषय. पण ‘आमच्या मुलाला रात्री शौचाच्या जागी खाज येते’ हे वाक्य सोलापुरात काय किंवा आणखी कुठे काय, कुणाच्या तोंडून सहजी निघत नाही. शेजारणीला सांगायची सोय नाही. सासूबाईंना सांगावे तर ‘चॉकलेटं देऊ नको म्हणत होते ना मी’ हे ऐकून घ्यावे लागते. औषधाच्या दुकानातही समोरची गर्दी ओसरल्यावरच हळू आवाजात ‘जंतांची गोळी’ मागायची! रविवारच्या चहाबरोबर असला विषय काढला म्हणून कुणी नाक मुरडले, तर मुरडू द्या. ज्या घरात रात्री दोन वाजता मूल रडत उठते, त्या घरातल्या आईला या विषयाचे वावडे नसते.

शौचाच्या जागी पांढऱ्या दोऱ्याच्या तुकड्यासारखा, जेमतेम एक सेंटिमीटर लांबीचा जो जंत दिसतो, त्याला इंग्रजीत पिनवर्म आणि मराठीत सूतकृमी म्हणतात. गिरण्यांच्या आणि मागांच्या या गावात सूत म्हणजे काय हे कुणाला समजावून सांगायला नको. हा पाहुणा नवा नाही. अमेरिकेतल्या युटा राज्यातील एका गुहेत सापडलेल्या, सुमारे दहा हजार वर्षांपूर्वीच्या वाळलेल्या मानवी विष्ठेत त्याची अंडी मिळाली आहेत. आजही अमेरिकेत सर्वांत जास्त आढळणारा जंत हाच. तेव्हा तो फक्त गरिबाच्या किंवा अस्वच्छ घरात होतो, हा समज आधी डोक्यातून काढावा. कुत्र्या-मांजरांवरही आळ घेऊ नये. हा जंत माणसाचा, आणि माणसाकडूनच माणसाकडे जातो.

त्याची रीत मोठी धूर्त आहे. मादी मोठ्या आतड्यात राहते. मूल झोपले की ती बाहेर येते आणि गुदद्वाराभोवतीच्या कातडीवर दहा हजारांच्या आसपास चिकट अंडी घालते. खाज सुटते ती त्यामुळे. मूल झोपेतच खाजवते, अंडी नखांत जातात, आणि चार-सहा तासांत ती पोटात जाऊन वाढायला तयार होतात. सकाळी तेच बोट तोंडात! भाकरी चुरून, चटणी बोटांनी कालवून खाणारे आपण लोक. पाची बोटे तोंडात जाणार नाहीत असे जेवण आपल्याकडे होतच नाही. गिळलेल्या अंड्याचा महिना-दोन महिन्यांत पूर्ण वाढलेला जंत होतो, आणि पुन्हा पहिल्यापासून सुरू.

या फेऱ्यात साखर कुठेच येत नाही, हे लक्षात घ्या. गोड खाल्ल्याने दात किडतील, जंत होणार नाहीत. गंमत म्हणजे जंतांवरची गोळी काम करते ती जंताला साखर शोषू न देऊन. तो बिचारा उपाशी मरतो. म्हणजे साखर तोडायची ती जंताची. मुलाच्या हातातला लाडू काढून घेण्यात काही अर्थ नाही. मूल झोपेत दात खाते म्हणजे जंतच झाले, असेही खात्रीने सांगता येत नाही. खात्री करायची असेल तर मूल झोपल्यावर दोन-तीन तासांनी बॅटरी घेऊन पाहावे, किंवा सकाळी उठल्या उठल्या, शौचाला जाण्यापूर्वी आणि धुण्यापूर्वी, त्या जागी सेलोटेप चिकटवून ती डॉक्टरांकडे न्यावी. असे लागोपाठ तीन सकाळी केले तर उत्तम. साध्या शौचतपासणीत ही अंडी बहुधा सापडत नाहीत, कारण ती बाहेर कातडीवर घातलेली असतात. ‘रिपोर्ट नॉर्मल आहे’ म्हणून निश्चिंत झालेले आणि मूल मात्र खाजवतेच आहे असे पालक मी पाहिले आहेत.

रात्रीच्या खाजेवर घरात करण्यासारखे थोडेच आहे, पण ते उपयोगी पडते. कोमट पाण्याने जागा धुवावी, टॉवेलने न घासता टिपून कोरडी करावी आणि व्हॅसलिनचा पातळ थर लावावा. अंगासरशी बसणारी सुती चड्डी घालावी. अगदी लहान मूल असेल तर हातात सुती मोजे चढवावेत. रॉकेलचा बोळा, लसणाचा रस, कापराचे तेल असले काही त्या नाजूक कातडीला लावू नये. भाजते, आणि मूल पुढे त्या जागेला हात लावू देत नाही. वावडिंग, डिकेमाली, महिन्याकाठचे एरंडेल या आजीच्या बटव्यातल्या गोष्टींविषयी मला आदर आहे. पण नखातल्या आणि अंथरुणातल्या अंड्यांपर्यंत बटव्यातले काहीच पोचत नाही.

आणि अंथरूण म्हटले की सोलापुरी चादर आलीच. ही चादर आमची शान आहे. तिला भौगोलिक मानांकन आहे, इथल्या टेरी टॉवेललाही आहे. सकाळी उठल्यावर गच्चीत जाऊन दोन टोके हातात धरून चादर फाडकन झटकणे, हा आमच्याकडचा नित्यविधीच म्हणायचा. घरात सूतकृमी असताना हाच विधी घात करतो. डोळ्यांना न दिसणारी, हलकी अंडी हवेत उडतात, ताटलीवर, पाण्याच्या माठावर, धाकट्या बाळाच्या खेळण्यांवर बसतात. म्हणून चादर झटकू नये. आतल्या बाजूला अलगद घडी घालून ती सरळ धुण्याच्या बादलीत न्यावी. शक्य असेल ते कपडे कडकडीत पाण्यात भिजवावेत. केर काढण्यापेक्षा ओल्या फडक्याने फरशी पुसावी. थंड, दमट जागी ही अंडी दोन-तीन आठवडे तग धरतात. उष्ण, कोरडी हवा मात्र त्यांना सोसत नाही. सोलापूरच्या उन्हाचे एवढे तरी उपकार मानायला हवेत. गाद्या, उशा, जाड चादरी भर दुपारी गच्चीत टाकाव्यात.

पाण्याचे काय, असे कुणी विचारील, आणि ते योग्यच आहे. उजनीसारखे धरण जिल्ह्यात असूनही या शहराने वर्षानुवर्षे चार-चार, पाच-पाच दिवसांआड नळाची वाट पाहिली आहे. अशा गावात ‘रोज सर्व अंथरुणे धुवा’ असे सांगणे म्हणजे थट्टाच. माझ्या मते पाणी मोजकेच असेल तर ते आधी हातांवर आणि नखांवर खर्चावे. मग मुलाच्या सकाळच्या आंघोळीवर. तीही उठल्या उठल्या, तांब्याने पाणी ओतून, म्हणजे रात्रीची अंडी वाहून जातील. दोन भावंडांना एका टबात बसवू नये. त्यानंतर रोजची चड्डी. चादरींना गोळीच्या दुसऱ्या दिवशी पाणी मिळाले तरी पुष्कळ झाले.

आता गोळी. अल्बेंडाझोल किंवा मेबेंडाझोल, जी डॉक्टर सांगतील ती. ती जंत मारते, अंड्यांवर तिचा तेवढा भरवसा नाही. म्हणूनच दोन आठवड्यांनी तीच मात्रा पुन्हा घ्यायची असते, आणि नेमकी तीच राहते. मूल शांत झोपू लागले की दुसरी गोळी फडताळात पडून राहते, आणि महिन्या-दीड महिन्याने ‘गोळीचा गुणच आला नाही’ अशी तक्रार सुरू होते. दुसरी चूक त्याहून मोठी: गोळी फक्त खाजवणाऱ्या मुलाला देणे. विडी वळणाऱ्यांच्या, यंत्रमागावर राबणाऱ्यांच्या एका-दोन खोल्यांच्या घरात पाच-सहा माणसे एका रांगेत झोपतात. त्यातल्या एकाला आहे म्हणजे इतरांनाही असू शकते, खाज नसली तरी. बंगल्यात वेगळ्या खोल्या असल्या तरी आजीच्या कुशीत नातू शिरतोच. तेव्हा घरातल्या सगळ्यांनी एकाच दिवशी, आजोबांनीसुद्धा. दोन वर्षांखालील मूल आणि गरोदर बाई यांच्याबाबत मात्र डॉक्टरांना विचारल्यावाचून काही करू नये.

‘शाळेत तर गोळी दिली होती,’ असे पुष्कळ जण म्हणतात. खरे आहे. सन २०१५ पासून राष्ट्रीय जंतनाशक दिनाला अंगणवाड्यांत आणि शाळांत १ ते १९ वर्षांच्या मुलांना अल्बेंडाझोल देतात. मोहीम चांगलीच आहे. पण तिचा रोख मातीतून येणाऱ्या जंतांवर आहे. ती गोळी सूतकृमीलाही लागू पडते, पण दोन आठवड्यांनी दुसरी मिळत नाही, आणि घरी बसलेल्या आजीला पहिलीही मिळत नाही. अंगणवाडीताईंनी गोळी देताना ही दोन वाक्ये आयांच्या कानावर घातली, तर सरकारचा एक पैसाही जास्त खर्च व्हायचा नाही.

एक गोष्ट मला राहून राहून खटकते. धुवा, भिजवा, पुसा, उन्हात टाका. या सगळ्या क्रियापदांचा कर्ता कोण? आईच. वरून खाजवणाऱ्या मुलाला ‘शी! घाणेरडा’ म्हणून चापट बसते ती वेगळीच, आणि मग ते मूल लपून खाजवू लागते. मुलाला चापट नको आणि आईला एकटीला सगळे काम नको. अंथरुणाच्या घड्या मोठी मुले घालू शकतात. दुसऱ्या गोळीची तारीख भिंतीवरच्या कॅलेंडरवर लाल शाईने लिहून ठेवणे आजोबांना जमेल. नखांचे काम बाबांनी घ्यावे. शनिवारी कापू नयेत, तिन्हीसांजेला कापू नयेत असे म्हणता म्हणता आपल्याकडे आठवडा निघून जातो. आज रविवार आहे, सुट्टी आहे, उजेडही आहे. सगळ्यांची कापावीत, स्वतःची धरून. कापलेली नखे कागदात गुंडाळून कचऱ्याच्या डब्यात टाकावीत. गॅलरीतून खालच्यांच्या अंगणात नव्हे.