धैर्य आणि धार्ष्ट्य

'साहस' हा शब्द आज सर्वत्र गौरवाने उच्चारला जातो. धोका पत्करल्याखेरीज आयुष्यात काही साधत नाही, असे तरुणांना व्यासपीठावरून सांगितले जाते. आयुर्वेदाच्या अभ्यासकाला मात्र हा शब्द ऐकताच क्षणभर थांबावे लागते. चरकाचार्यांनी शोषाची जी चार कारणे निदानस्थानात सांगितली, त्यांत साहस हे पहिलेच आहे. स्वतःच्या बळाचा अंदाज न घेता बलवंताशी झुंजणारा, न पेलणारे धनुष्य ओढणारा, न झेपणारे ओझे वाहणारा मनुष्य शोषाला बळी पडतो, असे तेथे सविस्तर सांगितले आहे. आवरून धरावयाच्या वेगांतही त्यांनी अप्रशस्त साहसाची गणना केली. वाग्भटाचार्यांनी तर अतिसाहस करणाऱ्याला हत्ती ओढू पाहणाऱ्या सिंहाची उपमा दिली आहे. त्या उपमेतला सिंह दुबळा नाही, त्याचा अंदाज तेवढा चुकलेला आहे.

मग शास्त्र आपणांस भित्रे व्हावयास सांगते काय? मुळीच नाही. शस्त्रकर्म करणाऱ्या वैद्याचे गुण सांगताना सुश्रुताचार्यांनी शौर्याला अग्रस्थान दिले. हाताला कंप नसणे, घाम न फुटणे, ऐनवेळी बुद्धी न गोंधळणे हे गुण त्याच्याच जोडीला येतात. विषाद हा रोग वाढविणाऱ्या भावांत अग्रणी आहे, असे चरकाचार्य म्हणतात. आणि मनोदोषांवरील श्रेष्ठ औषधांत वाग्भटाचार्य धैर्याचे नाव घेतात. म्हणजे बळाचे मोजमाप न करता केलेले साहस त्याज्य आणि मोजमाप करून धरलेले धैर्य अवश्य, असा हा विवेक आहे. हा विवेक आज आपल्या व्यवसायातून हरवत चालला आहे, असे आम्हांस वाटते. म्हणून हा लेखनप्रपंच.

जोखीम केव्हा घ्यावी, याचे उत्तर अश्मरीच्या चिकित्सेत सापडते. अश्मरी नवी असेल तोवर औषधांनी साध्य, वाढली की मग छेदनयोग्य, असा क्रम सुश्रुताचार्यांनी लावून दिला. घृते, क्षार, कषाय हे सर्व उपाय थकल्यावरच शस्त्राकडे वळावयाचे. येथे कुशल वैद्याचेही यश अनिश्चित असते, हे त्यांनी झाकून ठेवले नाही. तथापि कर्म केले नाही तर मृत्यू निश्चित आणि केले तर निदान संशयाला जागा आहे, अशा स्थितीत अधिकारी व्यक्तीची अनुमती घेऊन कर्म करावे, असा त्यांचा निर्णय आहे. चरकाचार्यांनीही उदररोगाच्या अखेरच्या अवस्थेत विषप्रयोगासारखा दारुण उपाय सांगताना रुग्णाचे आप्त, मित्र, पत्नी, गुरू आणि राजा यांची अनुज्ञा घ्यावयास, आणि मुख्य म्हणजे यशाविषयीचा संशय त्यांना स्पष्ट सांगावयास बजावले आहे. रुग्णाच्या संमतीविषयी आज न्यायालये जे सांगतात, त्याचे मर्म आपल्या संहितांत असे आधीच आलेले आहे.

या दोन्ही स्थळांवरून जोखमीचे चार निकष हाती लागतात. सौम्य उपाय संपलेले असावेत; काही न करण्यातील हानी करण्यातील हानीहून मोठी असावी; संशय उघड बोलून संमती घेतलेली असावी; आणि कर्म करणाऱ्याचा हात तयार असावा. पहिल्या तीन निकषांवर बोलणे सोपे आहे. चौथ्याला वर्षे द्यावी लागतात.

हात कसा तयार करावा, यासाठी सुश्रुतसंहितेत 'योग्या' या विषयाला स्वतंत्र अध्याय दिलेला आहे. कोहळा, दुध्या, काकडी यांवर छेदनाचा, पाणी आणि चिखल भरलेल्या पिशव्यांवर भेदनाचा, केसाळ कातड्यावर लेखनाचा, मृत पशूंच्या शिरांवर आणि कमळाच्या देठांवर वेधनाचा अभ्यास करावा, असे तेथे सांगितले आहे. केवळ ग्रंथ जाणणारा वैद्य रुग्ण समोर येताच रणांगणावरील भित्र्यासारखा गोंधळतो. आणि शास्त्र न शिकता केवळ धार्ष्ट्याने कर्म करणारा तर राजदंडास पात्र ठरतो. दोघेही एका पंखाच्या पक्ष्यासारखे. भित्रेपणा आणि धार्ष्ट्य यांचे मूळ एकच, आणि ते म्हणजे अपुरी तयारी, हे आचार्यांचे निदान आम्हांस अत्यंत मार्मिक वाटते.

याचे एक ऐतिहासिक उदाहरण आपल्या पुण्याशी निगडित आहे. कावसजी नावाचा, इंग्रज सैन्यातील एक बैल हाकणारा टिपूच्या हाती सापडला. त्याचे नाक आणि एक हात कापण्यात आला. सुमारे वर्षभराने पुण्याजवळ, विटा भाजणाऱ्यांच्या जातीतील एका गृहस्थाने त्याच्या कपाळावरील त्वचा वळवून नवे नाक घडविले. हा वृत्तांत १७९४ साली लंडनच्या 'जंटलमन्स मॅगझिन'मध्ये प्रसिद्ध झाला. तो वाचून जोसेफ कार्प्यू या इंग्रज शल्यविदाच्या मनात ही विद्या साधण्याची इच्छा उत्पन्न झाली. पण त्याने लगेच सुरी उचलली नाही. मृतदेहांवर सराव करीत तो योग्य रुग्णाची वाट पाहत राहिला. १८१४ साली त्याने पहिले कर्म केले आणि १८१६ मध्ये ते ग्रंथरूपाने मांडले. बातमी आणि कर्म यांमध्ये वीस वर्षे गेली. ही वीस वर्षे भीतीत गेली, असे कोणी म्हणणार नाही. आणि पुण्याजवळच्या त्या कारागिराने तरी काय केले? पिढीजात हातवळणीच्या भरवशावरच त्याने एका जिवंत माणसाच्या कपाळावर पाते चालविले. कावसजीनेही आपले कपाळ त्याच्या स्वाधीन केले. जोखीम ही वैद्य आणि रुग्ण दोघांची असते, हे विसरता कामा नये.

धैर्याचा आणखी एक प्रकार आहे, तो म्हणजे लोकापवाद सोसण्याचा. कलकत्त्याच्या वैद्यकीय महाविद्यालयात १८३६ साली पंडित मधुसूदन गुप्त यांनी शवविच्छेदन केले. ते स्वतः वैद्यकुळातील, संस्कृतज्ञ आणि सुश्रुतसंहितेच्या मुद्रणाशी निगडित असे विद्वान होते. शवाला स्पर्श करणे समाजाला मान्य नव्हते; परंतु शव वाहत्या पाण्यात ठेवून थराथराने पाहावे, असे सुश्रुताचार्यांनीच शारीरस्थानात सांगितले आहे. लोकांच्या रोषापेक्षा शास्त्राची आज्ञा त्यांनी मोठी मानली.

आता आजच्याकडे वळू. पदवी घेऊन बाहेर पडलेल्या आपल्या तरुण वैद्यांचे दोन वर्ग आम्हांस दिसतात. पहिला वर्ग भीतीने ग्रासलेला. पंचकर्माचे शिक्षण झालेले असते, पण वमन देण्याची वेळ आली की हात थरथरतो. मग ताप असो वा दमा, आयुर्वेद बाजूस ठेवून मिळेल ती झटपट गोळी देण्याचा मार्ग पत्करला जातो. दुसरा वर्ग धार्ष्ट्याचा. असाध्य व्याधींवर खात्रीचा उपाय, असे फलक लागतात. रसौषधी परीक्षेवाचून दिल्या जातात. ज्या रुग्णाला तातडीने रुग्णालयात पाठवावयास हवे, त्याला आशेवर धरून ठेवले जाते. असाध्य व्याधीला हात घालणाऱ्या वैद्याचा अर्थ, विद्या आणि यश यांची हानी होते, असे चरकाचार्यांनी बजावले आहे. 'हे माझ्याने होणार नाही' असे रुग्णाच्या नातलगांना सांगणे, हेही धैर्यच आहे, आणि कित्येकदा ते शस्त्र उचलण्याहून कठीण असते.

२० नोव्हेंबर २०२० च्या अधिसूचनेने शल्य आणि शालाक्य विषयांच्या पदव्युत्तर वैद्यांसाठी ३९ आणि १९ अशी एकूण ५८ शस्त्रकर्मे नमूद केली. त्यावर दोन्ही बाजूंनी पुष्कळ लिहिले गेले. अधिकार कागदावर मिळणे आणि हात तयार असणे या दोन निराळ्या गोष्टी आहेत, इतकेच आम्ही म्हणू. विरोधकांना आपले उत्तर वादातून मिळणार नाही. प्रत्येक पदव्युत्तर विभागात किती कर्मे, कोणाच्या देखरेखीखाली आणि कोणत्या परिणामांनी झाली, याच्या प्रामाणिक नोंदींतून मिळेल.

यासाठी आमच्या दोन सूचना आहेत. संघटनेने नव्या वैद्यांसाठी अनुभवी वैद्यांच्या चिकित्सालयात किमान सहा महिने बसण्याची व्यवस्था करावी. तेथे वमन-विरेचनापासून अग्निकर्मापर्यंत प्रत्येक कर्म आधी पाहावे, मग हाताखाली करावे, आणि त्यानंतरच स्वतंत्रपणे करावे. दुसरे असे की, आपल्या नियतकालिकांत यशोगाथांइतकीच जागा अपयशी ठरलेल्या चिकित्सांना द्यावी. सर्वत्र यशच वाचणाऱ्या तरुणाला पहिल्या अपयशाने खचावयास होते, किंवा ते झाकावयाची सवय लागते. दोन्ही सवयी शास्त्राला घातक आहेत.

वैद्यबंधू-भगिनींनो, भीती वाटणे हा दोष नाही. रुग्णाचा जीव हातात असताना ती वाटलीच पाहिजे. ती भीती अभ्यासाकडे नेते की पळवाटेकडे, एवढेच पाहावयाचे. ज्याने कोहळ्यावर शंभर वेळा पाते चालविले, त्याला रुग्णाजवळ उभे राहताना धीर बाहेरून आणावा लागत नाही.