संथपणाचा अपराध

“यांत कांहींच घडत नाहीं,” असा निवाडा देऊन आमचे एक विद्वान स्नेही परवां चित्रपट अर्ध्यावर सोडून उठले. चित्रपट होता तैवानचे दिग्दर्शक हौ शियाओ-शियेन यांचा, २००५ सालचा ‘थ्री टाइम्स’. शू ची व चांग चेन हीं दोघेंच त्यांत १९६६, १९११ व २००५ या तीन काळांतील तीन निराळीं जोडपीं रंगवितात.

पहिल्या कथेंत लष्करांत भरती झालेला तरुण रजेवर परततो, तों बिलियर्डच्या अड्ड्यावर भेटलेली मुलगी काम सोडून गेलेली. गांवोगांव फिरून तो तिला शोधतो. आणि पदरीं पडते ती एक संध्याकाळ, व पावसांत बसची वाट पाहतांना धरलेला हात. कॅमेरा येथें घाई करता, तर त्या हाताची किंमत आपणांस कशी कळती? ज्यानें कधीं वाट पाहिली नाहीं, त्याला भेटीचें मोल सांगतां येत नाहीं. म्हणून दिग्दर्शक आपणांसही थोडी वाट पाहावयास लावतो.

स्नेह्यांनीं जातां जातां एक चूकही काढली: १९६६ च्या कथेंत १९६८ सालीं निघालेलें ‘रेन अँड टियर्स’ हें गाणें वाजतें. चूक खरी. परंतु १९४७ सालीं जन्मलेल्या हौंच्या तारुण्याचा हा काळ; आणि स्मृति म्हणजे कांहीं जन्ममृत्यूचें दप्तर नव्हे.

याहून आम्हांला भीति वाटते ती या संथपणाच्या भक्तांची. जुनें प्रेम तेंच खरें, असे उसासे टाकणाऱ्या मंडळींनीं दुसरी कथा डोळे उघडून पाहावी. १९११ चें तैवान जपानच्या अमलाखालीं आहे. देशाच्या स्वातंत्र्याची चिंता वाहणारा एक सुधारक एका गणिकेकडे येत असतो. तेथील दुसऱ्या मुलीच्या सुटकेसाठीं तो पैसेही देतो. पण आपलें पुढें काय, असें हिनें विचारतांच तो गप्प बसतो. या भागांतील संवाद ऐकूं येत नाहींत. मूकपटाप्रमाणें ते वाचावे लागतात. त्या शांततेंत त्याचें मौन अधिकच उघडें पडतें.

तिसऱ्या कथेंतील तैपेईंत मोबाइलवरचा निरोप क्षणांत पोंचतो. तरी दोन प्रेमांमध्यें सांपडलेल्या त्या तरुणीचें एकटेपण कमी होत नाहीं.

तेव्हां हा संथपणा कोणत्याच काळाला सूट देत नाहीं. तो प्रत्येकाची झडती घेतो, आणि झडतीला वेळ लागतोच. ज्यांच्या घरीं वडील माणसांची आठवण शेवटपर्यंत ऐकून घेण्याची सवड राहिली नाहीं, त्यांनीं दिग्दर्शकाच्या नांवानें बोटें मोडण्यापूर्वीं ती सवड कोठें गेली याचा शोध घ्यावा.