संथ सिनेमाला लागणारा वेळ

बेला टार या हंगेरियन दिग्दर्शकाचा ‘द ट्युरिन हॉर्स’ (२०११) जवळपास अडीच तास चालतो आणि त्यात शॉट आहेत जेमतेम तीस. ओसाड माळावरच्या घरात बाप, लेक आणि त्यांचा घोडा. बाहेर दिवसेंदिवस घोंघावणारा वारा. मुलगी विहिरीवरून पाणी आणते, उजवा हात लुळा पडलेल्या बापाला कपडे चढवते, बटाटे उकडते. दोघं एकेक बटाटा हातांनी सोलून खातात. दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच. ‘यात घडतं काय?’ असं कुणी विचारलं तर प्रश्न रास्तच आहे. पहिल्या जेवणात कॅमेरा बापावर असतो: चटके बसत असतानाही तो एका हाताने बटाटा फोडून घाईघाईने गिळतो. दुसऱ्या जेवणात तोच कॅमेरा मुलीकडे वळतो आणि तिची खाण्याची रीत किती निराळी आहे ते कळतं. पुढे घोडा जागचा हलेना, चाऱ्याला तोंड लावेना, विहीर आटते, शेवटी दिवाही पेटेनासा होतो. सहाव्या दिवशी ताटलीत कच्चा बटाटा येतो. आधीची जेवणं सावकाश पाहिली असतील तरच तो कच्चा बटाटा घशात अडकतो. हाच मजकूर पाच मिनिटांत सांगितला तर कळेल सगळं, पण जाणवणार काहीच नाही.

म्हणून संथ असेल ते थोर, असं मात्र मुळीच नाही. रिकाम्या चौकटीला गांभीर्य समजणारे चित्रपटही पुष्कळ निघतात आणि त्यांना कंटाळवाणं म्हणायला बिचकू नये. कसोटी साधी आहे: शॉट निम्मा कापला तर काय हरवतं? चैतन्य ताम्हाणे यांच्या ‘कोर्ट’मध्ये (२०१४) कॅमेरा दूर, स्थिर बसून राहतो. वृद्ध शाहिरावरचा खटला तारखांमागून तारखा घेत सरकतो, कलमं सपाट आवाजात वाचली जातात. ही रखडपट्टी कापली तर चित्रपटाचा आरोपच नाहीसा होईल, कारण इथे निकालाआधीच प्रक्रिया शिक्षा देऊन मोकळी होते.

दिवसभर राबलेल्या माणसाने तिकीट काढून पुन्हा उदासीच का पाहावी, हा आक्षेप अधिक वजनदार आहे. पाहायलाच हवी अशी सक्ती कुणावर नाही. करमणूक हीसुद्धा खरी गरज आहे. पण महोत्सवांसाठी दारिद्र्य देखणं करून विकलं जातं, असा सरसकट ठपका टारसारख्या दिग्दर्शकावर बसत नाही. त्याच्या चित्रपटात बादली जड असते, गाठी सोडायला वेळ लागतो, वाऱ्यातून विहिरीपर्यंतचं अंतर पूर्ण चालावं लागतं. एरवी पडद्यावर गरिबाचे कष्ट दोन क्षणांत, पार्श्वसंगीतावर उरकले जातात. इथे त्या कष्टांना त्यांचा वेळ मिळतो. मला यात निराशेपेक्षा आदर अधिक दिसतो. अर्थात मोबाइलवर, मधूनमधून संदेश वाचत पाहिलं तर यातलं काहीच हाती लागणार नाही. अंधार, मोठा पडदा आणि उठून न जाणारे शेजारी ही अशा चित्रपटाची गरज आहे. फिल्म सोसायट्यांनी ती वर्षानुवर्षं निष्ठेने भागवली. मल्टिप्लेक्सनीही आठवड्यातला एखादा खेळ अशा चित्रपटांसाठी राखून ठेवायला हवा.